सहाणेची वाट

यमुनाबाईच्या पुण्यानुमोदनाला अंगणात मांडव घातला होता. नारळाचे झाप ताजे होते, त्यांचा ओला वास येत होता. टेबलावर बुद्धाची मूर्ती, बाबासाहेबांचा फोटो आणि खाली यमुनाचा फोटो. तो आधार कार्डावरून मोठा करून आणलेला, कारण तिचा एकटीचा दुसरा फोटो घरात निघाला नाही. विधी आटोपला, जलदान झालं, चार माणसं बोलली. मग विनोद उठला आणि म्हणाला, आईचा आवाज आपल्याकडे आहे, तो सगळ्यांनी ऐकूया.

आवाज मृणालीकडे होता. ही रत्नागिरीची पोर. जिल्ह्यात पाण्यासाठी, वाटेसाठी, वेठ बंद करण्यासाठी ज्या ज्या वाड्या भांडल्या, तिथल्या म्हाताऱ्या माणसांकडे जाऊन त्यांच्या आठवणी साठवण्याचं काम तिची मंडळी करत होती. दिवाळीनंतर ती दोन दुपारी यमुनाचा नवरा काशीराम याच्या ओटीवर बसून गेली होती. विनोदने फोन करून सांगितलं म्हणून ती आज पहाटेच्या गाडीने आली होती. केरूने मंडळाचा स्पीकर आणून जोडला. केरू हा काशीरामचा चुलत भाऊ, वाडीच्या मंडळाचा अध्यक्ष.

बायकांनी पदर सावरले. काशीराम पुढच्या खुर्चीवर पांढऱ्या कपड्यांत बसला होता. त्याने डोळे मिटून घेतले.

स्पीकर खरखरला आणि काशीरामचाच आवाज आला. जय भीम. त्या साली आमच्या वाडीने मेलेली ढोरं ओढायचं बंद केलं. होळीचं लाकूड आणायचं बंद केलं. गावाने आम्हाला वाळीत टाकलं. दुकान बंद, गिरण बंद, मजुरी बंद. सहाणेवरून रस्त्याला जाणारी वाट काटे टाकून अडवली. शिमग्यात देवाची पालखी बसते ती ही सहाण, तिथनं आमची सावली जायची नाय म्हणाले. मग आम्ही ठरवलं. बायका लाकडाचे भारे डोक्यावर घेऊन पुढं, आम्ही मागं...

वाडीला हे पाठ होतं. दर वर्षी चौदा एप्रिलला काशीराम हे सांगायचा, शाळेतल्या पोरांनाही सांगायचा. लोक माना हलवत ऐकत राहिले. यमुनाबाई आता बोलेल, मग बोलेल, म्हणून वाट पाहत राहिले. काशीरामचा आवाज चालूच होता. मध्येच एकदा कपबशी वाजली आणि लांबून 'साखर कमी पडली का गो' असं ऐकू आलं. विनोदच्या बायकोने पदर डोळ्याला लावला.

मग मृणालीचा आवाज आला. "आजी, आता तुम्ही सांगा. त्या दिवशी तुम्ही सगळ्यांत पुढे होतात ना? डोक्यावर भारा घेऊन?"

"डोक्यावर नव्हता गो," यमुना म्हणाली. आवाज अगदी जवळून आला. "खांद्यावर व्हता. आमी..."

"खांद्यावर काय?" काशीरामने तिथेच तोडलं. "बायका खांद्यावर भारा घेतात काय कधी? डोक्यावरच व्हता. हिला काय आठवतंय. तू जा, चाय टाक."

पाय घासत गेल्याचा आवाज आला. आणि पुन्हा काशीराम.

मागे कोणीतरी हसलं. वाईट हसणं नव्हतं ते. काशीरामबाबा असाच, हे वाडीला माहीत होतं. पण ते हसू पुढे कोणी उचललं नाही. विनोदने मृणालीकडे बघून विचारलं, पुढे? मृणालीने मान हलवली. एवढंच होतं. दोन दुपारींत यमुना तेवढीच बोलली होती.

विनोद बापाकडे न बघता जेवणाची पानं मांडायला गेला.

माणसं जेवायला बसल्यावर काशीराम दगडी गडग्यापाशी उभ्या असलेल्या मृणालीकडे गेला. तिनेच तोंड उघडलं. म्हणाली, चूक माझीही आहे, तेव्हाच तुम्हाला थांबवायला हवं होतं. मग ती गडग्यावरचं सुकं शेवाळ नखाने काढत राहिली.

"आजोबा, आजींनी मला नंतर फोन केला होता. शेजारच्या मुलीच्या फोनवरून."

"कशाला?"

"म्हणाल्या, हे बाजाराला जातात त्या दिवशी ये. आपण दोघीच बसू." तिने नखातलं शेवाळ झटकलं. "मी येते म्हणाले. पण अंजनवेलला एक आजोबा फार आजारी होते, आधी तिकडे गेले. आजी तशा ठणठणीत होत्या. मला वाटलं, त्या कुठे जातात."

काशीरामने मान हलवली. मी बाजारात गेल्यावर, एवढंच तो स्वतःशी म्हणाला. मृणालीने विचारलं, खांद्यावर काय होतं, तुम्हाला ठाऊक आहे का? तो म्हणाला, नाय. पन्नास वर्षं ही हकिकत सांगणाऱ्या माणसाला इतकं साधं ठाऊक नव्हतं, आणि ते एका पोरीपुढे कबूल करताना त्याची मान वर झाली नाही.

दोन दिवसांनी विनोद आणि त्याची बायको मुंबईला गेली. चला म्हणाली, पण जोर करून म्हणाली नाहीत. राब भाजायचा आहे, असं सांगून काशीराम मागे राहिला.

राब खरंच राहिला होता. भाताच्या रोपांचा तरवा पेरायच्या जागेवर पानाच्या फांद्या, म्हणजे कवळं, पसरायची, त्यावर शेण, पातेरा म्हणजे सुका पाला, आणि माती घालून पाऊस लागायच्या आधी जाळायचं. कवळं काशीराम तोडायचा आणि पातेरा यमुना गोळा करायची. ऐनाच्या झाडावर चढून कोयती चालवणं या वयातही त्याला जमत होतं. यमुनाला कवळं तोडणं कधीच जमलं नाही. तरुणपणीही नाही. हात डोक्याच्या वर गेला की ती कोयती खाली टाकायची. काशीराम चारचौघांत म्हणायचा, आमच्याकडं दीड माणूस कामाला, एक मी आणि अर्धी ही. बायका हसायच्या, यमुनाही हसायची.

ती गेली तीही याच कामात. माघातली सकाळ होती. तो झाडावर होता आणि ती खाली खराट्याने पातेरा ओढत होती, जवळ तिचा हारा, बांबूची मोठी टोपली. ओढता ओढता ती बुंध्याला टेकून बसली. वरून त्याला तिच्या डोक्याचा भांग दिसला. बसलीस काय गो, हारा कोन भरनार, तो वरून ओरडला होता. ती काही बोलली नाही. त्याने आणखी दोन फांद्या तोडल्या. तिसरी तोडताना त्याला वाटलं, ही उत्तर का देत नाही.

आता पातेराही त्यालाच ओढायचा होता. तो वाकला की कंबर धरायची. हारा भरला तरी उचलून द्यायला कोणी नव्हतं, मग अर्धाच भरायचा आणि दोनदा फेरी करायची. अर्धा हारा डोक्यावर घेऊन वाडीतून जाताना त्याला कोणी हसलं नाही. हसले असते तर बरं वाटलं असतं. घरी येऊन भाकरी थापायला बसला तर पीठ हाताला चिकटायचं, तव्यावर भाकरीचा नकाशा व्हायचा. मिठाचा डबा कुठे असतो हे शेजारणीला विचारावं लागलं. ती म्हणाली, बाबा, डब्यात नाय ठेवीत ती, बरणीत ठेवते. 'ठेवते' म्हणाली, 'ठेवायची' म्हणाली नाही, आणि मग तिचं तिलाच कसंतरी झालं.

केरू संध्याकाळी एक टोपली शेण घेऊन आला. दोघं राबावर ते पसरत होते तेव्हा काशीरामने विषय काढला. त्या दिवशी बायकांच्या खांद्यावर काय होतं रे?

"मला काय इचारतोस? मी दहा वर्साचा, मामाकडं व्हतो," केरू म्हणाला. "मी तर ही गोष्ट तुझ्याच तोंडून आयकली."

"आनि इतरांनी?"

"त्यांनी पन तुझ्याच तोंडून." केरूने हात पाचोळ्याला पुसले. "तू नव्हतास काय तितं?"

काशीरामने फांदी उलटी केली. शेण कमी पडतंय म्हणाला. केरूने पुन्हा विचारलं नाही, पण जाताना म्हणाला, औंदा चौदा एप्रिलला टाळूबिळू नको बायको गेली म्हणून. लोक तुझ्यासाठी बसतात. मुंबईची पोरं मोबाईलवर घेणार हायत.

काशीराम त्या दिवशी तिथे नव्हता. तो मुंबईला गोदीत होता. वाडीतले धडधाकट पुरुष सगळेच मुंबईत होते. मागे उरल्या होत्या बायका, पोरं आणि म्हातारे. तो मे महिन्यात घरी आला तेव्हा वाट मोकळी झाली होती. त्याच्या बापाने ओटीवर बसून त्याला सगळं सांगितलं. आई दारात उभी होती, काही बोलली नाही. यमुना आत चूल फुंकत होती. जून लागल्यावर तो परत गेला आणि त्याने ते गोदीतल्या माणसांना सांगितलं. तिथे सांगताना पहिल्यांदा 'त्यांनी' म्हणाला होता, हे त्याला आठवत होतं. 'आम्ही' कधीपासून म्हणू लागला ते आठवत नव्हतं. सभेत 'त्यांनी' म्हटलं की बरं लागत नाही, 'आम्ही' म्हटलं की टाळ्या पडतात, हे कधीतरी कळलं असणार.

त्या दिवशी असलेल्यांपैकी एकच बाई आता जिवंत होती, सखू. त्याच्या चुलत मोठ्या भावाची बायको, म्हणजे त्याची वहिनी. नवरा गेल्यावर ती मुलाकडे रत्नागिरीजवळ मिरजोळ्याला राहायला गेली होती. मुलगा तिथल्या कारखान्यात होता. जलदानाला ती आली नव्हती, गुडघे गेले म्हणून.

काशीराम पहिल्या एसटीने निघाला. मंडणगडहून रत्नागिरी म्हणजे सगळा जिल्हा उतरून जाणं. घाटात त्याला मळमळलं. यमुना असती तर पिशवीत लिंबू असतं. मिरजोळ्याला खोली शोधत पोहोचला तेव्हा ऊन तापलं होतं, पत्र्याची झळ दारातच लागत होती. सखू खाटेवर बसून कुळीथ निवडत होती.

"या भावजी," ती म्हणाली. "बायको मेल्यावर वाट सापडली काय?"

तो खाली बसला. तिने सुनेला पाणी द्यायला सांगितलं. मग दोघं यमुनाबद्दल बोलत राहिली, कशी गेली, दुखलंखुपलं होतं काय. त्याने झाडाचं सांगितलं. वरून ओरडलेलं सांगितलं नाही. मग त्याने विचारलं.

सखूने सूप खाली ठेवलं. सुनेला म्हणाली, तू जरा बाहेर बस गो.

"मी व्हते," ती म्हणाली.

"तू व्हतीस ता म्हायत हाय. खांद्यावर काय व्हता?"

"मीच व्हते. डोलीत."

काशीरामला कळेना. सखूने ते तुकड्या-तुकड्याने सांगितलं. ती पहिलटकरीण होती. दोन दिवस कळा येत होत्या, पोर आडवं आलेलं. सुईणीने हात टेकले, मंडणगडच्या दवाखान्यात न्या म्हणाली. डोंगरावरून वळसा घालून रस्त्याला लागायचं तर दिवस गेला असता. सहाणेवरून गेलं तर भाकरी भाजेपर्यंत रस्ता. पण सहाणेवर काटे टाकून माणसं काठ्या घेऊन बसलेली. आणि डोली उचलायला पुरुष कुठे होते? दोन म्हातारे, त्यांतला एक काशीरामचा बाप, दम्याने वाकलेला. यमुनाने पाळण्याची दोरी सोडली, गोधडी बांबूला बांधली आणि पुढचा खांदा स्वतः घेतला. मागचा खांदा काशीरामच्या आईने. बाकीच्या बायका बाजूने. लाकडाचा भारा कोणाच्याच डोक्यावर नव्हता.

"पुरुष डोली नेतात तवा खांदा पालटत जातात," सखू म्हणाली. "चालता चालता पालटतात, डोली हालत नाय. आमच्यात कोनाला म्हायत ता? यमुनानं पालटायला बघितलान, मी आतून किंचाळले. मंग तिनं शेवटपातूर पालटलान नाय. बांबू ओला, पेरं तासलेली नव्हती. उजव्या खांद्याचा मास निघाला. म्हयनाभर पू येत व्हता. गावबंदी, अवशद आनायचा कुटून? हळद नि चुन्यावर काडलान तिनं."

काशीराम खोलीच्या जमिनीकडे बघत होता. यमुनाच्या उजव्या खांद्यावर गाठीसारखं काहीतरी होतं, हे त्याला माहीत होतं. त्याला वाटायचं, लहानपणचं असेल. त्याने एकदाही विचारलं नव्हतं.

"तिचा हात वर जायचा नाय," तो म्हणाला.

"जायाचा नाय. आनि तू तिला अर्धी म्हनायचास. आमी सगळ्या आयकायचो."

"मग कोनी बोलल्यात का नाय मला?"

सखूने तोंड फिरवलं. तिचं पोर दवाखान्यात पोटातच गेलेलं निघालं. ती वाचली. वाट त्या दिवसापासून मोकळी झाली ती झालीच, कारण एकदा गेलेल्यांना परत कसं अडवायचं. पण काशीरामच्या बापाने सगळ्या बायकांना ओटीखाली उभं केलं. बाईने खांदा दिला असं तोंडातून काढायचं नाही म्हणाला. खांद्यावरून नेतात ती तिरडी, आणि तिरडीला बाई हात लावत नाही. हिने जित्या बाईला खांदा दिला म्हणून पोर गेलं. आपण धम्म घेतला, हे सगळं सोडलं, असं सभेत सांगायचे तेच हे लोक. त्यांनीच भाऱ्यांची गोष्ट जुळवली. सखूची सासू मरेपर्यंत यमुनाच्या हातचं पाणी मनापासून प्याली नाही.

"तुला तसा वाटायचा काय?" काशीरामने विचारलं.

"मला?" सखू म्हणाली. "ती नसती तर मी असते काय? हा पोरगा झाला असता काय? मी तिला सांगायची, तू बोल गो, तुझा घो तिकडं माईकवर भारे सांगतोय. ती म्हनायची, सांगू दे, त्याला बरा वाटता."

बाहेर कारखान्याचा भोंगा झाला. सखूने पुन्हा सूप मांडीवर घेतलं, पण हात चालेना. काशीरामने विचारलं, सहाणेवर माणसं होती ना काठ्या घेऊन, मग ती बाजूला कशी झाली?

ते सखूला ठाऊक नव्हतं. डोली थांबली, एवढं तिला कळलं. वर आंब्याची पानं दिसत होती आणि यमुनाची पाठ, पाठीवरून उतरलेलं रक्त. पुरुषांचे आवाज चढले, त्यांत गावातल्या आत्मारामचा तिने ओळखला. मग यमुना बोलली. मोठ्याने नाही, दोन-तीनच वाक्यं. त्याच वेळी सखूला कळ आली आणि कानात नुसता घोंगावा राहिला. शुद्ध आली तेव्हा डोली चालत होती आणि काटे ओढल्याचा आवाज येत होता. कोणी ओढले ते तिने पाहिलं नाही. पुढे कितीदा तरी यमुनाला विचारलं. ती हसून म्हणायची, म्हातारी झाल्यावर सांगीन.

"मंग झालो म्हाताऱ्या," सखू म्हणाली. "नि मी हितं आले."

सहाणेवर त्या दिवशी बसलेल्यांपैकी गावात आत्माराम राहिला होता. तेव्हा तो विशीतला असेल, आता अंगणात बाजेवर पडून असायचा. परत आल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी काशीराम त्याच्याकडे गेला. सहाणेच्याच वाटेने गेला. शिमगा तोंडावर आला होता, पोरं सहाण सारवत होती. त्यांतल्या एकाने त्याला ओळखून हात वर केला.

आत्मारामच्या सुनेने खुर्ची दिली, चहा दिला, घरातल्याच कपात दिला. यमुनाबाई गेल्याचं ऐकलं म्हणाली. आत्मारामही म्हणाला, वाईट झालं, कष्टाळू बाई. मग हापूसला मोहोर कसा आहे, माकडं किती झालीत, यावर बोलणं झालं. चहा संपल्यावर काशीरामने विचारलं की त्या साली शिमग्यात डोली नेली, तेव्हा माझी बायको तुम्हाला काय बोलली?

आत्मारामने अंगावरची चादर ओढून घेतली.

"मी नव्हतो तिथं," तो म्हणाला.

"तुमी व्हता. सखूवयनी सांगते."

"ती डोलीत आडवी, तिला काय दिसतंय? मी चिपळूणला गेलो होतो गुरांच्या बाजाराला." मग आवाज खाली आणून म्हणाला, "काशीराम, इतकी वर्षं झाली. आता तुझी पोरं, माझी पोरं एका गाडीने मुंबईला जातात. कशाला उकरतोस?"

सून दारात उभी राहून ऐकत होती. सासऱ्याकडे बघत होती. काशीरामने कप खाली ठेवला आणि तो उठला. त्याला राग यायला हवा होता. वाटेने येताना तो राग शोधत होता. हा माणूस होता आणि नव्हतो म्हणतो. पण आपण नव्हतो आणि इतकी वर्षं होतो म्हणालो. आत्माराम निदान एकदाच खोटं बोलला. आणि काय बोलली ते त्याला पक्कं आठवत असणार, नाहीतर चादर कशाला ओढली?

घरी येऊन त्याने खाल्लं नाही. यमुनाची पातळं-पोलकी पेटीवर घडी घालून ठेवलेली होती, ती त्याने उघडून पाहिली. उजव्या खांद्याशी प्रत्येक पोलक्याला आतून एक जादा कापड लावलेलं होतं, मऊ, जुन्या धोतराचं. ते धोतर त्याचंच होतं. माझं धोतर कुठं गेलं म्हणून तो एकदा तिच्यावर खेकसला होता.

त्याने मृणालीला फोन लावला. माझा आवाज पुसून टाक म्हणाला. ती म्हणाली, पुसणार नाही, आजोबा. त्यात आजींचं एक वाक्य आहे, आणि ते तुम्ही तोडलंय तेही त्यातच आहे. तुम्हाला काही दुरुस्त करायचं असेल तर दुसरं बोला. मग त्याने सखूचं सांगितलं. मृणाली म्हणाली, उद्याच जाते. यावेळी तिने दुसऱ्या कोणाचं नाव काढलं नाही.

काशीराम पुन्हा एसटीत बसला. सखूने मृणालीला खाटेवर शेजारी बसवून घेतलं आणि काशीरामकडे बोट केलं.

"हा भायेर बसेल तर सांगेन."

तो बाहेर पायरीवर बसला. दार लोटलेलं होतं. आतून सखूचा आवाज येत होता, शब्द कळत नव्हते. एकदा ती रडली, एकदा दोघी हसल्या. यमुनाचं नाव पुष्कळदा आलं. मध्येच त्याला वाटलं, पेरं तासलेली नव्हती हे ती सांगायला विसरली तर? तो अर्धा उठला. मग खाली बसला आणि दोन्ही हात गुडघ्यांखाली घालून ठेवले.

ऊन कलल्यावर मृणाली बाहेर आली. त्याच्या शेजारी पायरीवर बसून तिने मोबाईल दोघांच्या मध्ये ठेवला. तुमचं बोला म्हणाली, आणि दुसरं काही विचारलं नाही.

त्याने घसा साफ केला. सवयीने जय भीम म्हणाला, नाव सांगितलं.

"मी नव्हतो," तो म्हणाला. "मी मुंबईला गोदीत व्हतो. भारे नव्हते. डोली व्हती. माझ्या बायकोनं खांदा दिलान. पालटलान नाय." त्याने मृणालीकडे पाहिलं. "आनखी मला म्हायत नाय."

मृणालीने ते ठेवून घेतलं. सखूचं आणि त्याचं मिळून आता यमुनाच्या नावाखाली लावणार म्हणाली. सहाणेवर ती काय बोलली, तिथे जागा तशीच सोडणार.

घरी परत आल्यावर त्याने राबाचं राहिलेलं काम धरलं. सकाळी पातेरा ओढायचा, दुपारी माती घालायची. एक दिवस केरू मांडवाच्या बांबूंचा हिशेब करायला आला. चौदा एप्रिलच्या पत्रिका छापून आल्या होत्या. त्यातली एक त्याने काशीरामच्या हातात दिली. प्रमुख वक्ते म्हणून त्याचंच नाव होतं, त्याखाली 'सहाणेच्या लढ्याचे साक्षीदार' असं लिहिलं होतं. केरू म्हणाला, औंदा जरा लांबव, मुंबईच्या पोरांना सगळं हवंय. काशीराम पत्रिका हातात धरून उभा राहिला. बोलायला म्हणून त्याने तोंड उघडलंही. केरू बांबू मोजत पुढे गेला होता.

सहाणेवर यमुना काय बोलली, ते सांगेल असं कोणी राहिलं नाही. आणि काशीराम त्या दिवशी तिथे नव्हता, हे वाडीला सांगायचं अजून बाकी आहे.